जागे वस्त्र

काही वर्षांपूर्वीची, ऐन श्रावणातली गोष्ट. जुन्नरहून कल्याणकडे निघालो असता माळशेज घाटात दरड कोसळून वाहतूक थांबली आणि आम्हाला मागे वळून मढ येथे एका परिचित शेतकरी कुटुंबाकडे रात्र काढावी लागली. बाहेर पावसाने पिंपळगाव जोगे धरणाचा जलाशय आणि हरिश्चंद्रगडाकडचे डोंगर एकाच करड्या रंगात बुडवून टाकले होते. जेवणे आटोपल्यावर घरातल्या आजींनी आमच्यासाठी काळी घोंगडी अंथरली. अंधारात तिच्यावरून पाय टाकून पलीकडे जाताना आजींनी आम्हाला थांबवले. घोंगडीला पाय लागला तर हात लावून नमस्कार करावा, ती जागी असते, असे त्यांनी अगदी सहज सांगितले. आम्ही ओशाळून नमस्कार केला. जुन्नरच्या कॉलेजात शिकणारा त्यांचा नातू हसला आणि त्याने आम्हाला विचारले, "फादर, कापड जिवंत असतं असं कुठल्या जुन्या पोथीत लिहिलंय का हो?"

आम्ही म्हणालो, अशी पोथी आमच्या तरी पाहण्यात नाही. आजी म्हणतात ती लोकांची श्रद्धा आहे. मुलगा गप्प बसला. आजींनी दिवा मालवला. हे उत्तर चुकीचे होते, आणि ते देणारा माणूस आयुष्याची तीस वर्षे ज्या ग्रंथाचे वाचन करीत आला त्याच ग्रंथात त्या मुलाच्या प्रश्नाचे उत्तर पानोपानी लिहिलेले होते. हा लेख त्या उत्तराची दुरुस्ती म्हणून वाचकांनी वाचावा.

प्रथम आपल्याच मातीतली पोथी घेऊ. इचलकरंजी आणि सोलापूर या भागांतील देवांग कोष्टी समाज जिला आपली कुळकथा मानतो ते देवांगपुराण. कन्नड व तेलुगू मुलखात त्याचे पाठ प्रचलित आहेत आणि पाठापाठांत तपशील बदलतात. कथेचा गाभा असा. देव आणि मानव उघडे आहेत, त्यांना वस्त्र हवे आहे. शिवाच्या अंगापासून देवल ऋषी जन्म घेतो. सूत आणण्यासाठी तो विष्णूकडे जातो आणि त्याच्या नाभीतून उगवलेल्या कमळाच्या देठाचे तंतू घेऊन परत निघतो. वाटेत राक्षस त्याच्यावर तुटून पडतात. तेव्हा चौडेश्वरी देवी प्रकट होते, राक्षसांचा संहार करते, आणि त्यांच्या निरनिराळ्या रंगांच्या रक्तात ते सूत भिजून रंगीत होते. सूत घेऊन देवल येतो, मागावर बसतो आणि जगाला नेसवतो.

ही कथा आम्हाला दोन कारणांसाठी थोर वाटते. एक म्हणजे हिच्यातले सूत शेतातून वा बाजारातून आलेले नसून ते नाभीतून, म्हणजे जिथून नाळ निघते त्या जागेतून आले आहे. वस्त्र हे देहाचे आवरण असण्याआधी देहाचाच एक भाग होते, असे ही कथा म्हणते. दुसरे असे की रंगाची किंमत तिने लपवलेली नाही. पाटलाच्या वाड्यात लाल काठाचे लुगडे झळकते तेव्हा त्या लालीमागे कोणाचा घाम आणि कोणाचे रक्त आहे हा प्रश्न आपल्या अभिजात काव्यात क्वचितच विचारलेला आढळतो. विणकरांच्या स्वतःच्या पुराणात तो पहिल्याच अध्यायात येतो. पुढे मात्र पुराण वंशावळी आणि गोत्रे यांच्या मोजदादीत अडकते आणि सुरुवातीचा तो विलक्षण धागा हातातून निसटतो. कुळपुराणांचा हा नेहमीचा दोष आहे. इचलकरंजीत १९०४ साली पहिला यंत्रमाग आला, पुढे गावभर खडखडाट झाला, तरी चौडेश्वरीची पूजा चालूच राहिली. पुराणाच्या उत्तरार्धाने जे साधले नाही ते त्या पूजेने साधले असावे.

वेदवाङ्मयात विणकामाची प्रतिमा याहून पुष्कळ जुनी आहे. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातील एका सूक्तात यज्ञ हेच ताणलेले वस्त्र आहे आणि पितर ते विणीत बसले आहेत. अथर्ववेदात दोन कुमारिका सहा खुंट्यांच्या मागावर न संपणारे वस्त्र विणतात. बृहदारण्यक उपनिषदात गार्गी भर सभेत याज्ञवल्क्याला विचारते की हे सर्व जग कशात उभे-आडवे विणलेले आहे. एका उत्तराने तिचे समाधान होत नाही, ती त्याच्याही मागे जाते. तिच्या त्या प्रश्नातले 'ओत' आणि 'प्रोत' हे दोन शब्द मराठीत आजही जिवंत आहेत, पण कसे? बक्षीस समारंभाचे सूत्रसंचालन करणारा प्रत्येक गृहस्थ पाहुण्यांना 'सेवाभावाने ओतप्रोत' म्हणतो, आणि ओतप्रोत म्हणजे काठोकाठ भरलेला असा आपला समज झाला आहे. जणू घागर भरली! मूळ शब्दात घागर नाही, माग आहे. 'सूत्रसंचालन' या शब्दातले सूतही कोणाला आठवत नाही, 'तंत्र' या शब्दातला ताणा तर दूरच. भाषेतून माग निघून गेला आणि शब्द तेवढे उरले. आमच्या वर्गाने, म्हणजे उपदेश करणाऱ्यांनी, या विस्मरणाला मोठाच हातभार लावला आहे.

या सगळ्या उंच आकाशातून खाली नाशिकला उतरणे बरे. पांडवलेण्यांतील दहाव्या क्रमांकाच्या लेण्यात क्षत्रप नहपानाचा जावई उषवदात याचा एक प्राकृत लेख कोरलेला आहे. याच नहपानाच्या अमात्याचा, अयमाचा, लेख आमच्या जुन्नरच्या मानमोडी डोंगरातील लेण्यात आहे, त्यामुळे हा मुलूख त्या राजवटीला परका नव्हता. उषवदाताने गोवर्धन येथील विणकरांच्या दोन श्रेणींकडे तीन हजार कार्षापण कायमचे ठेवले: एकीकडे दोन हजार, दरमहा शेकडा एक व्याजाने, दुसरीकडे एक हजार, दरमहा शेकडा पाऊण व्याजाने. मुद्दल कधीही परत घ्यायचे नाही, व्याजच भोगायचे. दोन हजारांच्या व्याजातून लेण्यात वर्षावास करणाऱ्या वीस भिक्षूंना प्रत्येकी बारा कार्षापण चीवरासाठी. वाचकांनी हिशेब करून पाहावा. दोन हजारांचे वर्षाचे व्याज दोनशे चाळीस, आणि वीस गुणिले बाराही दोनशे चाळीसच. एक नाणे उरत नाही की कमी पडत नाही. (लेखात विणकरांना 'कोलिक' म्हटले आहे, त्यावरून मढच्या आसपासच्या आपल्या महादेव कोळी बांधवांशी संबंध जोडण्याचा मोह होतो, पण तो टाळावा.)

हा लेख वाङ्मय म्हणून कोणी वाचत नाही, इतिहासाचे विद्यार्थी तेवढे वाचतात. आम्हाला तो एका न मरणाऱ्या वस्त्राचे वर्णन वाटतो. चीवर फाटते, भिक्षू मरतो, पण दर पावसाळ्यात त्या मुद्दलातून नवे चीवर उगवते. ते वस्त्र जिवंत राहावे याची हमी राजाच्या जावयाने कोणावर सोपवली? सावकारावर नाही, सैन्यावर नाही. मागावर बसणाऱ्यांच्या श्रेणीवर. विणकरांची पत त्या काळी एवढी होती. एकच उणीव डोळ्यांत सलते. दात्याचे नाव आहे, त्याच्या सासऱ्याचे आहे, पण ज्यांनी ते पैसे सांभाळले आणि कापड विणले त्यांच्यातल्या एकाचेही नाव दगडावर नाही.

आता आमच्या ग्रंथाकडे वळतो. जुन्या करारातील लेवीय ग्रंथाचा तेरावा अध्याय आपल्यापैकी फारच थोड्यांनी पूर्ण वाचला असेल. सेमिनरीत आमच्या प्राध्यापकांनी तो 'त्वचारोगांचे नियम' म्हणून एका तासाच्या चतुर्थांशात उरकला होता आणि आम्ही मनातल्या मनात त्यांचे आभार मानले होते. अध्यायाच्या पहिल्या मोठ्या भागात माणसाच्या कातडीवरचे चट्टे आहेत. आणि मग, विषय बदलला आहे अशी कोणतीही सूचना न देता, कापडावरचे चट्टे सुरू होतात. लोकरीच्या वा तागाच्या वस्त्रावर, ताण्यावर असो की बाण्यावर, हिरवट वा तांबूस डाग दिसला तर ते वस्त्र याजकाला दाखवायचे. याजक ते पाहतो आणि सात दिवस वेगळे कोंडून ठेवतो. सातव्या दिवशी पुन्हा पाहतो. डाग पसरला असेल तर वस्त्र जाळायचे. पसरला नसेल तर धुऊन आणखी सात दिवस ठेवायचे. डाग फिका झाला असेल तर तेवढा तुकडा फाडून काढायचा, बाकीचे वस्त्र वाचवायचे. डाग अजिबात गेला असेल तर पुन्हा एकदा धुवायचे, म्हणजे ते शुद्ध झाले.

डाग बुरशीचा असावा हे कोणीही सांगेल, आणि येथे ज्या रोगाला मराठीत 'कोड' किंवा 'महारोग' म्हटले गेले तो आजचा कुष्ठरोग नव्हे हेही खरे. पण एवढे सांगून हा मजकूर संपत नाही. या विधीत वस्त्र हा रुग्ण आहे. त्याची तपासणी होते, त्याला विलगीकरणात ठेवतात, त्याला बरे होण्याची मुदत दिली जाते, ती वाढवून दिली जाते, शस्त्रक्रिया होते. कातडीच्या चट्ट्याला जो हिब्रू शब्द तोच कापडाच्या डागाला. माणूस शुद्ध ठरतो तो ज्या शब्दाने, वस्त्रही त्याच शब्दाने शुद्ध ठरते. इतक्या कोरड्या कायद्याच्या भाषेत इतकी माया कशी आली, असा प्रश्न पडल्यावाचून राहत नाही. उत्तर निर्गम ग्रंथात सापडते. गरिबाचे पांघरूण गहाण घेतलेस तर सूर्यास्तापूर्वी ते परत दे, कारण त्याच्या कातडीला तेवढेच आवरण आहे, तो कशात झोपेल, असे तेथे सांगितले आहे. ज्याच्याकडे एकच पांघरूण आहे त्याचे पांघरूण डाग दिसताच जाळून टाकणारा याजक त्याची कातडीच जाळत असतो. म्हणून सात दिवस, आणि आणखी सात दिवस. आम्ही स्वतः याजक आहोत. एखाद्याची घोंगडी घेऊन ती चौदा दिवस सांभाळत बसण्याचे काम आमच्या नेमणुकीत कधी लिहिलेले नव्हते, आणि असते तर आम्ही ते कुरकुरतच केले असते.

या कायद्याच्या पार्श्वभूमीवर स्तोत्र १३९ वाचावे. जुन्या लॅटिन क्रमाने ते १३८ आहे, त्यामुळे जुनी पुस्तके चाळणाऱ्यांनी गोंधळू नये. या स्तोत्राचा मधला भाग आपण बाप्तिस्म्याच्या वेळी आणि गर्भरक्षणाच्या प्रार्थनेत ऐकतो. आईच्या उदरात देवाने मला विणले, असे कवी म्हणतो. आमच्या मराठी कानाला हे 'घडवले' किंवा 'निर्माण केले' इतके गुळगुळीत होऊन ऐकू येते. मूळ हिब्रूत दोन निरनिराळी क्रियापदे आहेत. पहिले गुंफण्याचे, विणून झाकण्याचे. तेच योबाच्या तोंडी हाडे आणि स्नायू गुंफले गेल्याबद्दल येते. दुसरे रंगीत धाग्यांच्या नक्षीकामाचे. निवासमंडपाच्या दारावरचा पडदा करणाऱ्या कारागिराला याच धातूवरून नाव मिळाले आहे. म्हणजे गर्भातले मूल आणि मंदिराचा पडदा या दोहोंना एकाच हातोटीचा शब्द लागला आहे. आणि त्यापुढच्या ओळीत अजून आकार न आलेल्या देहाला जो शब्द वापरला आहे त्याचा धातू गुंडाळण्याचा आहे. एलिया संदेष्टा यार्देनेच्या पाण्यावर मारण्यासाठी आपला झगा गुंडाळतो तेव्हा तोच धातू येतो. न उलगडलेले, गुंडाळलेले वस्त्र: असे मूल देवाच्या डोळ्यांना दिसते.

याच स्तोत्रात हे विणकाम पृथ्वीच्या खोल भागात झाले असे म्हटले आहे. उदर आणि भूगर्भ यांचा हा संकर भाष्यकारांना अवघड जातो. आम्हाला तो एकदम उलगडला तो एका सणगराच्या झोपडीत. घोंगडी विणणारा खड्डामागावर बसतो. जमिनीत खणलेल्या खड्ड्यात त्याचे पाय असतात, पावड्या तेथे खाली दाबल्या जातात, वर फक्त कमरेपासूनचा माणूस दिसतो. त्याचे अर्धे शरीर मातीत असते आणि कापड त्याच्या पोटाशी वाढत जाते. स्तोत्रकर्त्याच्या देशातला माग असा नव्हता, हे आम्ही जाणतो. तेव्हा हा अर्थ कवीच्या मनातला असल्याचा दावा आम्ही करीत नाही. परंतु ज्या वाचकाने खड्डामाग पाहिला आहे त्याला या ओळीत देव पायांपर्यंत मातीत उतरून बसलेला दिसतो, आणि तसा तो दिसावा याला मूळ संहितेचा विरोध नाही.

विणणाऱ्याच्या हातात कात्री किंवा सुरीही असते. राजा हिज्किया आजारातून उठल्यावर जे गीत म्हणतो ते यशयाच्या अडतिसाव्या अध्यायात आहे. त्यात आयुष्य विणकराने गुंडाळलेल्या कापडासारखे झाले आहे आणि मागाला राहिलेल्या दश्यांपासून ते कापून वेगळे केले जात आहे. योबाच्या सातव्या अध्यायात दिवस धोट्यापेक्षा वेगाने पळतात आणि 'तिक्वा' नसताना संपतात. हा शब्द हिब्रूत आशेचा आहे आणि दोऱ्याचाही आहे. यरीहो शहरात राहाबेने खिडकीला बांधलेला तो किरमिजी दोरा, त्यालाही हाच शब्द आहे. धोटा पळतो आहे, कांडीवरचा दोरा संपला आहे, आणि त्याच क्षणी, त्याच शब्दात, आशा संपली आहे. भाषांतरकाराला दोहोंपैकी एक निवडावेच लागते आणि तो आशा निवडतो. त्याला दोष देता येणार नाही. पण वाचकाच्या हातात आशा उरते आणि माग जातो. योब मागाजवळ बसून बोलत होता हे त्याला कळतच नाही. पवित्र ग्रंथाच्या मराठी भाषांतरांबद्दल आमची तक्रार एवढीच आहे की अशा जागी तळटीप देण्यात ती कंजूष आहेत. जात्यावरच्या ओव्या रचणाऱ्या बायकांची भाषा लाभलेल्या वाचकाला ही श्लेषाची गंमत समजावून सांगितली तर तो कंटाळणार नाही.

नव्या करारात वस्त्राला स्पर्श कळतो. संत मार्कच्या पाचव्या अध्यायातील ती रक्तस्रावाने बारा वर्षे पिडलेली बाई गर्दीत मागून येऊन प्रभूच्या वस्त्राला हात लावते. संत मत्तय ती वस्त्राच्या गोंड्याला शिवली असे सांगतो. हे गोंडे नियमशास्त्राप्रमाणे आज्ञांची आठवण राहावी म्हणून लावायचे असत, त्यात एक निळा दोरा असे. चारी बाजूंनी रेटारेटी चालली असताना माझ्या वस्त्राला कोण शिवले, असे प्रभू विचारतो, आणि शिष्यांना तो प्रश्न हास्यास्पद वाटतो. आम्ही या प्रसंगावर कितीतरी वेळा प्रवचन केले. प्रत्येक वेळी त्या बाईच्या श्रद्धेवर बोललो. वस्त्राविषयी एक अक्षर बोललो नाही. तो गोंडा कोणी वळला, ते निळे सूत कोणी रंगवले, आणि पुढे सैनिकांना फाडवेना असा तो वरपासून खालपर्यंत अखंड विणलेला झगा कोणाच्या मागावर तयार झाला? तो पवित्र मरियेने विणला अशी परंपरा आहे. शुभवर्तमान गप्प आहे. नाशिकच्या दगडासारखेच.

मढला आम्ही गेल्या हिवाळ्यात पुन्हा जाऊन आलो. आजी आता नाहीत. त्यांचा नातू शेती पाहतो. घरात पानिपतची रंगीत ब्लँकेटे आली आहेत, हलकी, स्वस्त आणि धुवायला सोपी. त्याबद्दल कोणाला नावे ठेवण्याचा आम्हाला अधिकार नाही. आमच्या स्वतःच्या अंथरुणावरही तसलेच ब्लँकेट आहे. लोकर पिंजणे, बायकांनी ती कातणे, अंगणात ताणा लावून कुंच्याने चिंचोक्याची खळ देणे आणि मग खड्ड्यात उतरून ती विणणे, एवढा व्याप करून जो भाव मिळतो त्यात घर चालत नाही, म्हणून विणणाऱ्यांची मुले दुसऱ्या कामाला लागली.

काळी घोंगडी मात्र माळ्यावर होती. त्याने ती खाली काढली. आम्ही त्याला त्याच्या जुन्या प्रश्नाची आठवण करून दिली. त्याला प्रश्न आठवत नव्हता, आमचे उत्तर आठवत होते. मग आम्ही त्याला लेवीय ग्रंथातले ते चौदा दिवस सांगितले, देवलाचे कमळतंतू सांगितले, नाशिकचा हिशेब सांगितला. तो मन लावून ऐकत होता. मग म्हणाला, आजीला यातलं काही माहीत नव्हतं, पण पावसात खोळ करून घेतली की घोंगडी आपसूक आवळते, आणि ऊन पडलं की सैलावते, म्हणून ती जागी म्हणायची. लोकर आपल्या वजनाच्या जवळपास एक तृतीयांश इतके बाष्प पोटात घेऊनही कोरडी भासते आणि ते घेताना थोडी ऊबही देते, हे आम्हाला पुस्तकातून ठाऊक होते. आजींना ते पाठीवर ठाऊक होते.

घोंगडीच्या एका कोपऱ्याला कसरीने खाऊन बोटभर भोक पडले होते. त्याच्या पत्नीने ते काळ्या दोऱ्याने रफू करायला घेतले, आणि दोरा ओवून देण्याचे काम, आमचा चष्मा नवा असल्यामुळे, आमच्याकडे आले.